मधली चार वर्षं

रविवारी सकाळी बर्लिनमधल्या आपल्या किचनमध्ये राजस लॅपटॉपसमोर बसून चिडला होता. जुन्या फुटबॉलपटूंची माहिती जमवायचा त्याला नाद.

"हा इंग्लिश प्लेअर बघ. १९१४ साली कोच म्हणून बर्लिनला आला आणि तेवढ्यात महायुद्ध पेटलं. शत्रूदेशाचा म्हणून याला चार वर्षं इथेच कॅम्पात डांबलं. आणि या साइटवर याच्या करिअरमध्ये ती चार वर्षं चक्क कोरी! हे नीट करायला हवं."

"तिथे करत काय होता?" छोट्या विहानला भरवता भरवता राजसच्या बायकोने, ऊर्मिलाने विचारलं.

"काय नव्हता करत? टीम उभी केली, मॅचेस भरवल्या, नवख्यांना शिकवलं. पगार मिळत नव्हता म्हणून काय ते काम नव्हतं?"

"फेर्टिश!" असं जर्मनमध्ये 'संपलं' म्हणत विहान खुर्चीवरून उतरला. ऊर्मिलाने हात धुतले आणि स्वतःचा लॅपटॉप राजसपुढे सरकवला.

"मग हेही जरा नीट कर."

तिचा सीव्ही होता, काल त्यानेच बनवून दिलेला. त्याच्या नोकरीपायी ती पुणं सोडून इथे आली, त्यानंतरच्या चार वर्षांपुढे त्याने एकच शब्द लिहिला होता: ब्रेक.