फुटलेले मोमो

फडक्यात बांधलेला टोफू तिने दोन्ही हातांनी असा पिळला की पाणी भिंतीपर्यंत उडालं. मीठ लावलेल्या कोबीचीही तीच गत झाली. किसलेलं गाजर आणि आलं घालून तिने सारण कालवलं आणि पाऱ्या लाटायला घेतल्या. सकाळपासून ती ओट्याशी उभी होती. पोटात अन्नाचा कण नव्हता.

बाहेर आत्या आणि आतोबा टेबलाशी बसले होते. आई जाऊन महिना झाला होता. वहिनीच्या हातचे मोमो आता कुठले मिळायला, लेकीने तरी करून घालावेत, असं आत्याने दारातच ऐकवलं होतं. लेकीची बॅग भरून तयार होती. आज संध्याकाळी निघायचं आणि या घरात पुन्हा पाऊल ठेवायचं नाही, हे तिने पक्कं केलं होतं. बाबांना मात्र अजून सांगितलं नव्हतं.

राग बाबांवरच होता, आणि तो आजचा नव्हता. बाबा घड्याळजी. केसाएवढा स्क्रू चिमट्यात धरून ते अलगद जागेवर बसवत, कधी हात चळला नाही. पण मोमो वाफवले की चाळणीतून काढायला तेच पुढे होत आणि दरवेळी दोन-तीन हमखास फुटत. धड असलेले आजीच्या, आत्याच्या, पाहुण्यांच्या ताटात जात. फुटके आईच्या वाटीत. पुढे आजी गेली, घरात तिघंच उरली, तरी रीत तीच. आई वर हसून विचारायची, "आज किती?" लेकीला त्या हसण्याची सगळ्यात जास्त चीड यायची. बाईमाणसाने इतकं गरीब असू नये.

आज तिने पाऱ्या मुद्दाम जाडसर ठेवल्या. चुण्या घट्ट मिटल्या. चाळणीला तेलाचा सढळ हात फिरवला. झाकण काढल्यावर वाफ वर गेली आणि खाली सगळेच्या सगळे धड दिसले.

बाबा आत आले आणि त्यांनी चिमटा उचलला. राहू द्या, मी काढते, असं ती म्हणाली, पण त्यांनी ऐकलं नाही. पहिलाच मोमो चाळणीच्या काठाशी आला आणि फाटला. बाबांनी तो वाटीत घातला आणि वाटी तिच्यापुढे सरकवली.

म्हणजे आता तिची पाळी.

बाहेर ऐकू जाऊ नये म्हणून ती हळू बोलली. त्यामुळे शब्द जास्तच धारदार निघाले.

"घड्याळातला स्क्रू कधी सुटला नाही तुमच्या हातून. आईचेच बरे फुटायचे, बाबा? जन्मभर तिला फुटकं खायला घातलंत."

बाबांनी आधी दाराकडे पाहिलं.

"फुटायचे नाहीत. मी काठावर दाबायचो," ते म्हणाले. "सगळ्यांची जेवणं उरकल्याशिवाय तुझी आजी तिला घास घेऊ द्यायची नाही. पण फुटका पाहुण्यांना कसा वाढणार? मग आजीच म्हणायची, तो तू टाक खाऊन. तेवढा तरी गरम जायचा तिच्या पोटात."

"आजीला तोंडाने सांगता येत नव्हतं?"

"तेवढी छाती नव्हती माझी. चिमटा तेवढा हातात असायचा."

आजी गेल्यावर त्यांनी सोडून दिलं होतं म्हणे. पण एकही फुटला नाही, तर आईच रुसायला लागली.

तिने वाटी उचलली आणि मोमो तोंडात टाकला. जीभ पोळली, डोळ्यांत पाणी आलं. तेवढ्यात बाहेरून आत्याची हाक आली. आणतेस ना गं, आमचं होऊ दे, मग तुम्ही बसा निवांत.

राग होता तिथेच होता. फक्त त्याचं तोंड आता बाहेरच्या टेबलाकडे वळलं होतं.

तिने बाबांच्या हातून चिमटा घेतला. एक मोमो उचलला, काठावर नीट दाबला, आणि वाटीत घालून वाटी बाबांच्या हातात दिली.

"थांबा जरा, आत्या," बाहेर ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली. "आणखी एक फुटला."