सूर्यासाठी भोपळा

‘भोपळा दे त्याच्या हातात!’ दिग्दर्शक कर्ण्यातून पुन्हा ओरडला.

होर्पिना भोपळा पोटाशी घट्ट धरून उभी होती. समोर तिमिश. अंगात जुन्या काळच्या कोसॅक सरदाराचा झगा, ओठांवर गोंदाने चिकटवलेल्या मिशा, आणि मिशांखाली घामच घाम. नीपर नदीकाठचं सगळं गाव कुंपणावर बसून खिदळत होतं.

इकडची रीतच अशी: मागणी घालायला आलेल्या मुलाला नकार द्यायचा, तर मुलीने बोलायचं काहीच नसतं. भोपळा हातात ठेवला की झालं, अगदी मूकपटासारखं. तिमिशने ओमेल्कोमामाला होर्पिनाच्या घरी मध्यस्थ म्हणून पाठवायचं दर हंगामात ठरवलं आणि या धास्तीने दर हंगामात मोडलं. आणि आता न मागताच भोपळा! तोही चारचौघांत, फिल्मवर, कायमचा!

‘नशीब काढलंस पोरा,’ ओमेल्कोमामा ओरडला. ‘आम्हाला निदान मागणीचा पाव घेऊन दारात जावं लागायचं. तुला घरपोच!’

दिग्दर्शक ओदेसाहून आलेला. घोडे अंगावरून उड्या मारताना दिसावेत म्हणून त्याने खड्ड्यात कॅमेरा पुरला होता. धुकं हवं म्हणून भिंगाला साबण फासला होता. गावाने सगळं गोड मानून घेतलं होतं.

‘हा भोपळा पडद्यावर हळूहळू विरघळेल,’ तो समजावू लागला, ‘आणि त्याचा उगवता सूर्य होईल. स्वातंत्र्याचा! कळलं?’

‘टरबूज देते,’ होर्पिना म्हणाली. ‘म्हणाल तर ढाल देते. पण याला भोपळा मी देणार नाही.’

कुंपणावरचं खिदळणं थांबलं. तिमिशची एक मिशी गळून पडली.

कॅमेरावाला पुढे झाला. ‘मग यालाच देऊ दे तिला. मी कॅमेऱ्याचं हँडल उलटं फिरवतो. पडद्यावर तीच देताना दिसेल.’

दिग्दर्शकाने त्याला मिठीच मारली. कॅमेरावाल्याने होर्पिनाकडून भोपळा काढून तिमिशच्या हातात कोंबला आणि कॅमेऱ्यामागे धावला.

तिमिशने होर्पिनाकडे पाहिलं. तिचे कान लालबुंद झाले होते. त्याने वाकून भोपळा अलगद गवतावर ठेवला.

‘मीही नाही देणार,’ तो म्हणाला.

‘अरे, कुणीच कुणाला काही देत नाही!’ दिग्दर्शकाने कर्णा आपटला. ‘मग मी टिपू तरी काय?’

‘सोयरीक,’ कुंपणावरून उडी मारत ओमेल्कोमामा म्हणाला. ‘फिरवा हँडल. आणि सरळच फिरवा!’