हेमवेणी

तांदळाच्या ताटात सहादेवनं अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहिलं, ‘हेमवेणी’, आणि मांडवातल्या मुलीकडच्या बाया हरखून गेल्या. त्यांच्या अख्ख्या कर्जत तालुक्यात असं नाव कुणी ऐकलं नव्हतं. लेक बिजवराला दिली म्हणून आतल्या आत कुढणाऱ्या आईलाही त्या नावानं जरा बरं वाटलं. माहेरची स्नेहल माहेरीच राहिली.

दुसऱ्या दिवशी सासू, गोजरबाई, तिचे केस विंचरायला बसली.

“आत्या, नावाचा अर्थ काय हो?”

“हेम म्हंजी सोनं. सोन्याची वेणी. मीच हुडकलं. हाय का न्हाई देखणं?”

“लई देखणं. आन् थोरल्या बाईंचं नाव काय हुतं?”

केसांतली फणी थांबली. “तिचं कशाला इचारतीस? रुसंल ती.” सासूनं वेणीचा पेड करकचून ओढला. मग मेलेल्या सवतीच्या प्रतिमेचा चांदीचा टाक सुनेच्या गळ्यात बांधला आणि त्यावरून मायेनं बोट फिरवलं.

दिवेलागणीला चुलीपुढं ताटं वाढून झाली. सून पाटावर बसली, तशी सासू उठून मागच्या दाराशी गेली. बाहेर नुसतं माळरान. तिथं उभी राहून तिनं गोड गळ्यानं हाक घातली, “हेमवेणीऽऽ, ये गं बाय जेवायला!”

सून हसतच उठली. “अवो आत्या, मी हितंच हाय की!”

“तू बस, पोरी,” सासू मागं न बघता म्हणाली. “मी थोरलीला बोलावतीया.”