उडीनंतरचे वीस फूट

"मान वळव. आता डावीकडे. अरे, जुळतंय की!" क्रॅविट्झ म्हणाला आणि सकाळपासून पहिल्यांदाच खुर्चीत टेकला.

हॉलिवूडच्या त्या गल्लीत त्याच्यासारखे डझनभर निर्माते होते. भाड्याचा कॅमेरा, पाच दिवसांत अख्खा बोलपट. क्रॅविट्झकडे एकच हुकमी गोष्ट होती: बुडालेल्या एका कंपनीच्या मूकपटातली उडी. स्वार घोड्यासकट कड्यावरून थेट नदीत! वितरकाने बजावलं होतं, "उडी असेल तरच चित्रपट घेतो." नाहीतर दुकान बंद. नव्या नायकाने फक्त त्या स्वारासारखं दिसायचं आणि जवळून घेतलेल्या दृश्यांत बोलायचं.

वीस माणसं बघून झाली होती, सगळी बटाट्याची पोती. हा होबर्ट टिपेट मात्र चौकड्यांचा शर्टही त्या स्वारासारखाच घालून आला होता.

"शर्ट कुठून पैदा केलास?"

"घरचाच आहे. साहेब, एक मागणं आहे. पडद्यावर नाव अर्ल टिपेट लावा."

"होबर्टला काय धाड भरलीय?"

"अर्ल बरं वाटतं."

"लावू बाबा. मला कुठे त्राण आहे वाद घालायला!"

क्रॅविट्झने त्याला उडी दाखवली. पाणी उसळलं की तो यंत्र बंद करायचा. होबर्टने ती तीनदा लावायला सांगितली.

"घाबरलास की काय? तुला थोडीच मारायचीय! त्या पठ्ठ्याने मारली, कपडे पिळले आणि गेला असेल घरी जेवायला."

होबर्टने आपल्या संवादांचे कागद उचलले.

चार दिवस क्रॅविट्झचं डोकं भणाणून गेलं. मायक्रोफोन कुंडीत लपवला तर पानं सळसळायची, नाहीतर नेमकं डोक्यावरून विमान जायचं. होबर्ट तेवढा प्रत्येक वाक्य एका दमात, खणखणीत बोलायचा. त्याच्यामुळेच काम निभावलं.

"चित्रपटाची लांबी कमी पडतेय," संकलन करणारी अडा म्हणाली.

"उडीनंतरची वीस फूट फिल्म डब्यात पडलीय ना? ती जोड."

"बघितलीय का तुम्ही?"

"त्यात काय बघायचंय? घोडा पोहत काठाला येत असेल. जोड म्हटलं ना!"

शनिवारी दुपारी अडा धावत आली. "तुमचा नायक माझ्या खोलीत शिरलाय. हातात कात्री आहे!"

क्रॅविट्झ पळतच सुटला. तो धापा टाकत पोचला. "हरामखोरा, कोणी पाठवलं तुला? माझी उडी!"

"उडी जागेवर आहे," होबर्ट म्हणाला. "पुढचं तेवढं कापलं."

क्रॅविट्झने त्याच्या हातातली पट्टी हिसकावली आणि खिडकीच्या उजेडात धरली. घोडा काठावर चढत होता. खोगीर रिकामं होतं.

"मग? स्वार दुसरीकडून बाहेर आला असेल."

"नाही आला अर्ल." होबर्टने कात्री टेबलावर ठेवली. "हा बोलपट आमच्या गावात लागला की आई बघायला जाणार, साहेब. आवाज आम्हा भावांचा अगदी सारखा, बापही फसायचा. अर्ल मेक्सिकोत आहे, असंच सांगितलंय तिला."