थोरली आई

पोरीच्या साखरपुड्याच्या सकाळी गडमुडशिंगीहून चुलतभावाचा, ज्ञानूचा फोन आला. "आई गेली रं." त्याची आई म्हणजे माझी थोरली आई, माझ्या वडिलांच्या सख्ख्या थोरल्या भावाची बायको. इकडं जयसिंगपूरचे पाहुणे हॉलवर येऊन बसले होते. माझा चेहरा बघून व्याह्यांनी विचारलं, "काय झालं?"

"काही नाही हो. लांबच्या भावकीत एक म्हातारी वारली. आम्हाला सुतक लागत नाही."

साखरपुडा झाला. मी हसत हसत फोटोही काढून घेतले.

तिसऱ्या दिवशी रक्षाविसर्जनाला गेलो. काय सबब सांगायची ते गाडीत घोकत होतो, पण बातमी माझ्या आधी पोचली होती. भावकी सोप्यात बसलेली. तिच्यातून ज्ञानूनं मला हाताला धरून सरळ देव्हाऱ्यासमोर नेलं आणि काडेपेटी पुढं केली.

"तीन दिस झालं, आईचं देव अंधारात हायत. आमा कुणालाच शिवता येत न्हाय. तू लाव दिवा. तुला सुतक न्हाय म्हणं."