झिगीच्या हातचं

पाण्याला उकळी फुटणार असं दिसताच बर्निसने गॅस बारीक केला आणि सॉसेजं एकेक करून हलकेच भांड्यात सोडली.

"वहिनी, पाण्यात?" मागच्या दारातून आत डोकावत चेस्टर म्हणाला. "झिगी असता तर..."

"झिगी असता तर जाळली असती. सरका भावजी, मला पाव वाफवायचेत."

यात खोटं काही नव्हतं. उन्हाळा लागला की शिकागोत घराघरांच्या मागच्या अंगणात शेगड्या बाहेर पडतात, आणि बहुतेकांवर माणसाच्या पोटात जाईल असं काहीतरी भाजलं जातं. बर्निसच्या नवऱ्याच्या, झिगीच्या शेगडीवर मात्र कोळसा खालीही असे आणि वरही. एका हातात चिमटा, दुसऱ्या हातात बीअर, आणि तोंडाला खंड नाही. गप्पा संपल्या की तो ते काळे दांडके ताटात टाकायचा आणि म्हणायचा, "काय खरपूस झालेत बघा!" घरचे वर मस्टर्ड थापून मुकाट गिळायचे. लेक लोरेन आणि जावई डेल तर परतताना वाटेत पिझ्झा खात. शेगडी हा पुरुषांचा प्रांत, म्हणून बर्निसने जन्मभर त्यात नाक खुपसलं नव्हतं.

मार्चमध्ये झिगी गेला. मे संपत आला, माणसं जेवायला येणार म्हणाली, तेव्हा बर्निसने मनाशी ठरवलं, या घरात एकदा तरी चवीचा हॉटडॉग होऊ दे.

आणि झालाही तसाच. वाफेने फुगलेला खसखशीचा पाव, त्यात टच्च सॉसेज, वर मस्टर्ड, बारीक चिरलेला कांदा, टोमॅटोच्या फोडी, लोणच्यातली काकडी, दोन तिखट मिरच्या, शेवटी सेलरीच्या मिठाची चिमूट. शिकागोत हॉटडॉगवर केचप म्हणजे पाप, ती बाटली मात्र तिने कपाटातच ठेवली. मोकळीक म्हणजे काही अनाचार नव्हे.

सगळे अंगणातल्या टेबलाभोवती बसले. डेलने घास घेतला. सालीचा 'टक्' आवाज झाला आणि रस त्याच्या हनुवटीवर ओघळला.

"आई," तो डोळे मिटून म्हणाला, "मी या घरात इतकी वर्षं येतोय, पण असं कधी..." टेबलाखाली लोरेनचा पाय बसला तसा तो गप्प झाला.

लोरेनने एक घास खाल्ला आणि हॉटडॉग खाली ठेवला.

"का गं? बिघडलंय?"

"नाही, छान झालंय."

"मग रडतेस कशाला?"

"कांदा लागला डोळ्यांना."

"तू खात नाहीस म्हणून तुझ्यावर घातलाच नाहीये मी कांदा."

चेस्टर सावकाश चावत होता, दवाखान्यातलं जेवण जेवावं तसा.

"मऊ आहे," तो म्हणाला. "म्हणजे वाईट नाही हं वहिनी. पण मऊ आहे."

आता मात्र बर्निसचा पारा चढला. "वा रे वा! जन्मभर जळकं खाल्लंत तेव्हा गोड लागलं? तुम्हीच म्हणायचात ना भावजी, झिगीचे हॉटडॉग छपरावर टाका, डांबराचा खर्च वाचेल?"

"म्हणायचो की. त्याच्या तोंडावर म्हणायचो," चेस्टर म्हणाला. "आता कुणाला म्हणू?"

शेजारच्या अंगणातल्या रेडिओवर बेसबॉलचा सामना रंगात आला होता.

बर्निस उठली. भांड्यात उरलेली सॉसेजं तिने एका ताटात काढली आणि चेस्टरला म्हणाली, "गॅरेजमधून शेगडी काढा."

निखारे फुलले. सॉसेजं वर पडली. चिमटा कुणी धरायचा यावर जरा ओढाताण झाली, शेवटी तो बर्निसकडेच आला. थोड्याच वेळात खालची बाजू तांबूस, देखणी झाली.

"आता उलटावीत, आई," डेल आशेने म्हणाला.

"छे!" चेस्टर ओरडला. "आत्ता कुठे तो तळ्यावर पोचला असता."

"कोण?"

"झिगी! कवळीची गोष्ट सांगितल्याशिवाय त्याने कधी सॉसेज उलटलंय का?"

मग चेस्टरनेच गोष्ट सुरू केली. कडाक्याची थंडी. तळं गोठलेलं. झिगीने बर्फाला भोक पाडलं, गळ टाकला, वाकून बघितलं आणि सटकन शिंकला. कवळी पाण्यात.

"बाबा शिंकले नाहीत, काका," लोरेन म्हणाली. "शिवी दिली. शिवी देताना पडली."

"शिंक!"

"शिवी! पोलिश शिवी. मला पाठ आहे."

तिने ती म्हणूनही दाखवली. बर्निसने तिच्याकडे डोळे वटारले आणि मग स्वतःच हसत सुटली. मग शिंक की शिवी यावर वाद पेटला. धूर डोळ्यांत गेला, सगळे खोकले, पण शेगडीकडे कुणी बघितलं नाही. गोष्टीचं शेवटचं वाक्य चौघांनी एकदमच म्हटलं, डेलनेसुद्धा: "त्या तळ्यात आजही एक मासा दात दाखवून हसतो!"

सॉसेजं काळीठिक्कर झाली होती. बर्निसने एक उचललं, फुंकर मारली आणि नुसतंच दाताखाली धरलं. कर्रकन आवाज झाला. तिघेही तिच्या तोंडाकडे बघत होते. ती बराच वेळ चावत राहिली.

"कच्चं राहिलंय भावजी," ती म्हणाली. "दुसरी गोष्ट काढा."