वार्षिक ग्रंथातला डाग

सुज्ञ वाचकहो, एका पुत्राने आपल्या दिवंगत पित्याच्या नावावरील डाग कोणत्या रीतीने धुऊन काढला, ती हकीकत प्रस्तुत लेखक येथे यथामती निवेदन करीत आहे.

ग्रंथपालबाईंनी तो जाडजूड ग्रंथ बाइंडरच्या मेजावर ठेवला, तोच त्याच्या पाठीचे कुजलेले चामडे गळून खाली पडले.

"परक्यांच्या अमदानीतलं वार्षिक आहे. पाऊसपाणी, सारा, गुन्हे, सगळं ह्यात आहे," बाई म्हणाल्या. "राजधानीतली प्रत आगीत गेली. आता जगात ही एवढीच. तळहाताच्या फोडासारखी जपा."

"माझ्या हातून आजवर कुणाचं पान गेलंय का, बाई?"

"म्हणून तर तुमच्याकडे आणलं. स्तंभाच्या समितीला लगेच हवंय."

स्तंभाचे नाव निघताच बाइंडरने ग्रंथ आपल्याकडे ओढून घेतला. चौकात उभ्या राहिलेल्या काळ्या पाषाणाच्या स्तंभावर, परक्यांशी झुंजून प्राणास मुकलेल्यांची नावे कोरली जाणार होती. आपल्या पित्याचे नाव त्यावर यावे, एवढीच त्याच्या उतारवयातील इच्छा उरली होती. पिता गेला तेव्हा तो पाळण्यात होता. पित्याने सरकारी कोठार फोडून उपाशी गावाला धान्य वाटले आणि त्यापायी तो फासावर गेला, असे आई सांगे. आई गेली, सांगणारे सगळेच गेले.

अर्ज घेताना समितीचा चिटणीस एवढेच म्हणाला होता, "त्या काळच्या ग्रंथात काय लिहिलंय ते बघूनच नाव ठरतं, काका."

बाईंची पाठ वळताच बाइंडरने गुन्ह्यांचे प्रकरण उघडले. ओळींवरून फिरणारे बोट एके ठिकाणी थबकले.

पलीकडे शेगडीवर बायको पाने चिकटवायची खळ ढवळीत होती. "काय हो, तोंड का असं एरंडेल प्यायल्यासारखं?"

त्याने वाचून दाखविले. वर पित्याचे संपूर्ण नाव, आणि त्याखाली : 'कुख्यात दरोडेखोर. सरकारी कोठार लुटल्यावरून फाशी.'

"मामंजींना दरोडेखोर म्हणतात मेले! स्वतः अख्खा मुलूख लुटला ते कुठल्या पानावर लिहिलंय?"

"समितीनं हे वाचलं की संपलं. दरोडेखोराचं नाव दगडावर कोण कोरणार?"

"मग? सुई तुमच्या हातात, सुरी तुमच्या हातात, आणि तोंड बघताय माझं?"

"अगं, आजवर कुणाचं पान मी—"

"कुणाचं नाही. तुमच्या बापाचं आहे."

त्याने सुरीला धार लावली. नंतर त्याने ग्रंथाची शिलाई उसवली. नशीब असे की, त्या पानाच्या मागेपुढे नुसते तक्ते होते. वाक्य कोठेच तुटत नव्हते. त्याने पट्टी धरून पान कापले, त्यामुळे सुटे झालेले जोडीचे पान लगतच्या पानास बेमालूम चिकटविले आणि सारे पुन्हा शिवले. कापलेले पान बायकोने त्याच्या हातातून घेऊन शेगडीत सारले. त्याच आचेवर खळ शिजली. त्याच खळीने त्याने ग्रंथाला नवी पाठ लावली.

"आता माझा बाप स्वच्छ झाला," असे म्हणून त्याने डोळे पुसले.

ग्रंथ वाळताच तो धुतलेला सदरा घालून स्वतःच तो समितीच्या कचेरीत घेऊन गेला. चिटणिसाने नव्या पाठीवरून कौतुकाने हात फिरविला.

"वा, काका! हाताला जादू आहे तुमच्या. बसा. आज तुमचाच अर्ज काढलाय."

"आता बघा की ग्रंथात," बाइंडर छाती काढून म्हणाला. "माझ्या वडिलांविषयी वावगा शब्द सापडला तर मी माझा अर्ज परत घेतो."

चिटणीस हसू लागला. "अहो, वावगा शब्दच तर हवा! आपापल्या बापजाद्यांना शूर सगळेच म्हणतात. ते आम्ही धरत नाही. आम्ही फक्त शत्रूचं लिखाण धरतो. त्या सरकारनं ज्याला दरोडेखोर ठरवून फासावर दिलं, त्याचं नाव सर्वांत वर. पाथरवट छिन्नी घेऊन बाहेर बसलाय, काका. दाखवा बरं ते पान."

येथवर वाचलेत, त्याबद्दल ऋणी आहे.
— नानू कंपोझिटर